जाग्वार: मनिलाच्या एका वॉचमनचं प्रकरण

फिलिपिन्समध्ये पहारेकऱ्याला ‘ग्वार्द्या’ म्हणतात. शब्द स्पॅनिश अमलातला, पण आता पुरता तिथलाच झालेला. मनिलाच्या गल्लीबोळांत शब्द उलटे फिरवून बोलायची जुनी खोड आहे. ‘तिगास’ म्हणजे टणक. त्याचं ‘आस्तिग’ झालं, म्हणजे दणकट, भारी माणूस. ‘पारे’ म्हणजे दोस्त. त्याचं ‘एराप’ झालं. तसेच ‘ग्वार्द्या’चे दोन तुकडे पडले, मागचा पुढे आला आणि कानाला ऐकू आलं ‘जाग्वार’. फाटकावर तासन्‌तास उभा राहून येणाऱ्या-जाणाऱ्या मोटारींना सलाम ठोकणारा माणूस दोन अक्षरांच्या अदलाबदलीत बिबट्यासारखा जंगली शिकारी होतो.

लिनो ब्रोका यांनी १९७९ साली याच नावाचा चित्रपट केला. वरवर पाहिलं तर तो गुन्हेगारी मारधाडपट आहे. पिस्तूल आहे, नाइटक्लब आहे, एका बाईवरून पेटलेलं वैर आहे, खून आहे, पोलिसांचा पाठलाग आहे. तिकीट काढून आलेल्या प्रेक्षकाला जे हवं ते सगळं आहे. तरीही तो संपल्यावर नायक जिंकला की हरला हा प्रश्न मनात येतच नाही. माझ्या मनात दुसराच प्रश्न राहिला: हा खून नक्की कुणाचा? म्हणून या चित्रपटाकडे मी एक प्रकरण म्हणून पाहतो आहे. खुनाचा माग काढायला पगाराच्या पाकिटापासून सुरुवात करावी लागते, असं माझं मत आहे.

घडलं ते असं

पोल्दो मिरांडा तोंदोत राहतो. तोंदो म्हणजे मनिला बंदराला खेटून असलेली जुनी, दाट, गरीब वस्ती. घरी आई आहे. नोकरी एका प्रकाशन संस्थेच्या इमारतीत, पहारेकऱ्याची. पोल्दोची भूमिका फिलिप साल्वादोर यांनी केली आहे आणि आईची आनिता लिंदा यांनी.

त्याचा साहेब सनी बारिएंतोस (मेंगी कोबारुबियास) श्रीमंत घरातला, रात्री उशिरापर्यंत मित्रांच्या कोंडाळ्यात रमणारा. एकदा सनी मारामारीत सापडतो आणि पोल्दो मध्ये पडून त्याला वाचवतो. सनी खूश होतो. त्याला फाटकावरून उचलतो आणि आपल्याबरोबर फिरवू लागतो. आता पोल्दो इमारत राखत नाही, एक माणूस राखतो. क्लबात जातो, साहेबाच्या मित्रांच्या मैफलीत कडेला बसतो, चांगले कपडे घालतो. तिथेच त्याला क्रिस्टी भेटते (एमी ऑस्ट्रिया), सिनेमात नटी व्हायला धडपडणारी तरुण मुलगी. तिच्यावर सनीचा डोळा आहे आणि सान पेद्रो (जॉनी देल्गादो) नावाच्या, चित्रपटधंद्यातल्याच दुसऱ्या एका माणसाचाही.

सनी आणि सान पेद्रो यांची ठिणगी वारंवार उडते. शेवटी एका झटापटीत पोल्दोच्या हातून सान पेद्रोचा जीव जातो. साहेबाला वाचवण्याच्या कामावरच तो असतो. आणि साहेब हात झटकून मोकळा होतो. पोल्दो जिथून निघाला होता तिथेच, झोपडपट्टीत, लपायला परततो. पोलीस मागे लागतात.

कथा एवढीच. हिच्यात नवं काय, असं कुणालाही वाटेल. नवेपण कळायला त्याआधीचा नायक पाहावा लागतो.

आधीचा तोंदोचा राजा

तोंदोच्या गुंडावर चित्रपट काढायची परंपरा मनिलात आधीपासून होती. निकासिओ ऊर्फ आसिओंग सालोंगा हा खराखुरा माणूस, दुसऱ्या महायुद्धानंतरच्या मोडक्या मनिलात टोळी चालवणारा. १९५१ मध्ये तो ऐन तरुणपणी गोळी लागून मेला. दहा वर्षांनी, १९६१ मध्ये, त्याच्यावर चित्रपट निघाला आणि त्यात सालोंगा झालेला तरुण नट घराघरांत पोहोचला. त्याचं नाव जोसेफ एस्त्रादा. त्याचंच टोपणनाव एराप, तोच उलटा फिरवलेला ‘पारे’.

एस्त्रादांनी पुढे अशा भूमिका अनेक केल्या: रस्त्यावरचा, कायद्याच्या पलीकडचा, पण गरिबाच्या बाजूने मूठ उगारणारा. तिथल्या प्रेक्षकांच्या भाषेत नायक म्हणजे ‘बीदा’ आणि खलनायक म्हणजे ‘कोंत्राबीदा’. एस्त्रादांचा बीदा गुन्हेगार असला तरी आपला असायचा. लोकांनी त्या पडद्यावरच्या माणसावर इतका विश्वास टाकला की १९६९ मध्ये एस्त्रादा सान हुआन गावचे महापौर झाले, मग सिनेटर, मग उपराष्ट्राध्यक्ष आणि १९९८ मध्ये थेट राष्ट्राध्यक्ष. प्रचाराची घोषणा होती ‘एराप पारा सा माहिराप’, म्हणजे एराप गरिबांसाठी. जानेवारी २००१ मध्ये भ्रष्टाचाराच्या आरोपांवरून लोक रस्त्यावर उतरले आणि त्यांना पद सोडावं लागलं.

हा इतिहास मी सांगतो आहे तो एका कारणासाठी. ‘जाग्वार’ पाहायला आलेल्या प्रेक्षकाच्या डोक्यात हा बीदा पक्का बसलेला होता. तोंदोचं पोरगं, हाणामारीत पटाईत, हातात पिस्तूल. एवढं दिसलं की पुढचं त्याला पाठ होतं: पोरगा टोळी उभी करणार, जुलमी श्रीमंताला धूळ चारणार, पडलाच तर राजासारखा पडणार. ब्रोकांनी तेच पोरगं घेतलं, त्याच गल्लीत उभं केलं आणि त्याच्या अंगावर गणवेश चढवला. सालोंगाची ताकद त्याची स्वतःची होती. पोल्दोची ताकद पगारी आहे. दोघांत जमीन-अस्मानाचं अंतर आहे आणि ते या एका गणवेशामुळे पडलं आहे.

आपल्याकडे सोसायटीच्या फाटकावरच्या माणसाला सगळे ‘वॉचमन’ म्हणूनच हाक मारतात. वर्षानुवर्षं पाहूनही त्याचं नाव ठाऊक नसतं. सनीच्या इमारतीत पोल्दोचं तेच होतं. एका मारामारीनंतर साहेबाने त्याला पहिल्यांदा माणूस म्हणून पाहिलं, आणि तेही त्याच्या मुठीमुळे. पोल्दो जे जे करतो ते या एका नजरेच्या ओढीने करतो, अशी माझी समजूत आहे.

कथा आली कुठून

आता प्रकरणाचा मला सर्वांत मोलाचा वाटणारा भाग. पडद्यावर तो कुठेच दिसत नाही.

चित्रपटाचा आधार आहे एक वृत्तलेख: ‘ज्या मुलाला सोसायटी व्हायचं होतं’. इथे सोसायटी म्हणजे वरच्या थरातला समाज, मेजवान्या, वर्तमानपत्रांतले फोटो. लेखकाचं नाव छापलेलं होतं किहानो दे मनिला. हे नाव म्हणजे ‘होआकिन’ या आडनावाच्या रोमन अक्षरांची उलथापालथ. खरे लेखक निक होआकिन, फिलिपिन्सचे थोर कथाकार आणि नाटककार. ‘फिलिपिन्स फ्री प्रेस’ या साप्ताहिकात ते या टोपणनावाने गुन्हेगारीच्या बातम्या लिहायचे. त्या बातम्यांत खुनाची वेळ आणि हत्यार असायचंच, पण त्याहून जास्त जागा त्या माणसाच्या घराला, कपड्यांना, त्याला कुणासारखं व्हायचं होतं याला असायची. निम्मी बातमी, निम्मी कादंबरी. १९७७ मध्ये असे लेख पुस्तकरूपाने आले.

याच साप्ताहिकात होसे लाकाबा नावाचा तरुण वार्ताहर होता. १९७० च्या सुरुवातीच्या विद्यार्थी आंदोलनाचं त्याने केलेलं वार्तांकन अजून वाचलं जातं. सप्टेंबर १९७२ मध्ये राष्ट्राध्यक्ष फर्दिनांद मार्कोस यांनी लष्करी कायदा पुकारला आणि वर्तमानपत्रांना कुलपं लागली. लाकाबा भूमिगत झाला. १९७३ मध्ये एका सरकारधार्जिण्या नियतकालिकात रुबेन कुएवास नावाच्या कवीची, ग्रीक पुराणातल्या प्रॉमिथियसवरची इंग्रजी कविता छापून आली. संपादकांना ती निरुपद्रवी पौराणिक कविता वाटली. तिच्या ओळींची आद्याक्षरं वरून खाली वाचली तर निघत होतं: मार्कोस हिटलर दिक्तादोर तुता. ‘तुता’ म्हणजे कुत्र्याचं पिल्लू. दुसऱ्याच्या तालावर नाचणाऱ्याला वापरायची तिथली शिवी. कवी होता लाकाबा.

१९७४ मध्ये तो पकडला गेला. कोठडीत त्याचा छळ झाला. धाकटा भाऊ इमान्वेल, तोही कवी, १९७६ मध्ये सरकारी सैनिकांच्या हातून मारला गेला. त्याच वर्षी मार्कोस सरकारने निक होआकिन यांना ‘राष्ट्रीय कलाकार’ हा सर्वोच्च किताब द्यायचं ठरवलं. होआकिन यांनी अट घातली: लाकाबाला सोडणार असाल तर घेतो. सरकारने लाकाबाला सोडलं. पुढे माकिलिंग डोंगरावरच्या एका समारंभात, राष्ट्राध्यक्षांच्या पत्नी इमेल्दा मार्कोस समोर बसलेल्या असताना, होआकिन कलावंताच्या स्वातंत्र्याबद्दल बोलले. त्यानंतर त्यांना असल्या समारंभांची बोलावणी येईनाशी झाली.

आणि तीन वर्षांनी त्याच होआकिन यांच्या वृत्तलेखावरून ‘जाग्वार’ची पटकथा लिहिली ती लाकाबाने. जोडीला रिकी ली होता. तोही लष्करी कायद्यात तुरुंगात जाऊन आलेला. म्हणजे ज्या लेखकाने आपला मान पणाला लावून माणूस सोडवला, त्याचीच गोष्ट घेऊन सुटलेला माणूस लिहायला बसला. याबद्दल वाचलं तेव्हा मी बराच वेळ पुढे काही वाचू शकलो नाही.

ही मंडळी अक्षरं उलटी-आडवी करण्यात तरबेज होती आणि त्यामागे दडपशाहीचा काळ होता. लष्करी कायद्यात चित्रपट सुरू करण्याआधी पटकथा सेन्सॉरकडे द्यावी लागायची. सरळ बोलायची सोय नव्हती. मग आडनावाची अक्षरं फिरवून टोपणनाव, आद्याक्षरांतून शिवी, उलट्या शब्दातून चित्रपटाचं नाव. मारधाडपट हा प्रकारही त्यांनी तसाच वापरला. वरून वाचला तर खून आणि पाठलाग. दुसऱ्या बाजूने वाचला तर मालक आणि नोकर. सेन्सॉरपुढे गेलेल्या कागदांत सरकारविरुद्ध एक वाक्यही नसलं तरी चालणार होतं, कारण जे सांगायचं ते पोल्दोच्या नोकरीतच होतं.

मूळ लेखाच्या आणि चित्रपटाच्या नावांतला फरकही पाहण्यासारखा आहे. लेखाच्या नावात एका मुलाची इच्छा आहे: त्याला काय व्हायचं होतं. चित्रपटाच्या नावात त्याचं काम आहे: तो काय आहे. इच्छेवरून नजर कामाकडे वळली की दोषाचं ओझंही जागचं हलतं.

बंदूक कुणाची, हात कुणाचा

फिलिपिन्समध्ये खासगी सुरक्षा हा कायद्याने बांधलेला धंदा आहे. १९६९ मध्ये त्यासाठी स्वतंत्र कायदा झाला. एजन्सी परवाना काढते, माणसं भरते, त्यांना गणवेश देते, बंदूक देते. बंदूक एजन्सीच्या किंवा मालकाच्या नावावरची आणि वापरायची ती ड्युटीच्या जागेपुरती. हा तपशील कोरडा वाटेल, पण पोल्दोचं सगळं प्रकरण याच रेषेवर उभं आहे. इमारतीच्या फाटकावर त्याच्या हातातल्या हत्याराला एक जागा आहे, एक काम आहे. सनी त्याला फाटकाबाहेर नेतो त्या क्षणी ती जागा संपते. आता त्याने काय राखायचं? साहेबाचा जीव, साहेबाचा मिजास आणि साहेबाने रात्री कुठल्या टेबलावरून भांडण उकरून काढलं असेल तर तेही. भिंतीचं रक्षण करणाऱ्याला हद्द माहीत असते. माणसाच्या लहरीचं रक्षण करणाऱ्याला ती कोण आखून देणार?

आणि पोल्दोला ही बढती वाटते. हे पाहताना जीव तुटतो. त्याला पैशाची हाव आहे असं चित्रपट कुठेही म्हणत नाही. त्याला वाटतं, साहेब आपला मित्र आहे.

तगालोग भाषेत ‘उतांग ना लोओब’ असा एक शब्दप्रयोग आहे. ‘उतांग’ म्हणजे कर्ज आणि ‘लोओब’ म्हणजे आतलं, अंतःकरण. आतलं ऋण. कुणी आपल्यासाठी काही केलं तर ते पैशांत फिटत नाही, ते माणूस जन्मभर वागण्यातून फेडतो. मराठीत सांगायचं तर खाल्ल्या मिठाला जागणं. ही भावना थोर आहे आणि गरिबांच्या वस्तीत तिच्यावाचून माणसं जगूच शकत नाहीत, कारण अडीअडचणीला बँक नसते, शेजारी असतो. पण हे ऋण दोन बरोबरीच्या माणसांत असेल तरच फिटतं. साहेब आणि पहारेकरी यांच्यात ते एकाच दिशेने वाहतं. सनीने पोल्दोला चार चांगले कपडे दिले, मोटारीत शेजारी बसवलं. पोल्दोने त्याच्यासाठी जीव घेतला. आणि हिशेब करायची वेळ आली तेव्हा सनीच्या वहीत पोल्दोचं नाव फक्त पगाराच्या रकान्यात निघालं. मैत्रीचा रकाना त्या वहीत नव्हताच.

कुणी म्हणेल, ट्रिगर पोल्दोनेच ओढला ना? ओढला. चित्रपट त्याला निर्दोष ठरवत नाही आणि म्हणूनच तो मला खरा वाटतो. पोल्दोत रग आहे, मत्सर आहे, क्रिस्टीबद्दलची ओढ आहे. सान पेद्रोवरचा त्याचा राग निव्वळ नोकरीचा राहिलेला नसतो. साहेबाचं भांडण त्याच्या नकळत त्याचं स्वतःचं होऊन बसलेलं असतं. भाड्याने घेतलेला हात मालकाच्या मनातला रागही उचलतो, हे इतक्या बारकाईने दाखवणारा दुसरा मारधाडपट मी पाहिलेला नाही. साल्वादोर यांनी हे कमी संवादांत उभं केलं आहे. सनीच्या मित्रांत बसलेला पोल्दो हसतो तेव्हा त्याचं हसू बाकीच्यांच्या मागून क्षणभराने येतं. विनोद कळला म्हणून तो हसत नाही. सगळे हसताहेत म्हणून हसतो.

क्रिस्टीला चित्रपटाने आणखी वेळ द्यायला हवा होता. तीही त्याच शिडीवर आहे. पोल्दो मूठ विकून वर चढतो, ती रूप विकून, आणि दोघांच्याही शिडीचा वरचा टप्पा दुसऱ्याच्या हातात आहे. दोघं एकमेकांना ओळखतात ते याचमुळे. एमी ऑस्ट्रिया यांनी त्या मुलीला दिलेला चिवटपणा डोळ्यांत भरतो, तरी पटकथा तिच्याकडे बहुतेक वेळा पुरुषांच्या भांडणाचं निमित्त म्हणूनच पाहते. सनीचे मित्रही थोडे ठोकळेबाज झाले आहेत. श्रीमंत माणसं इतकी उघड उथळ नसती तर पोल्दोचा भ्रम जास्त पटला असता. एवढ्या दोन गोष्टी मला खटकतात.

धुमसता डोंगर

ब्रोकांचा कॅमेरा सांभाळणारे कोन्रादो बाल्तासार यांनी त्याआधीही त्यांच्यासाठी मनिलाच्या झोपड्या टिपल्या होत्या. त्यांना अरुंद जागेत प्रकाश कसा ठेवायचा ते ठाऊक होतं. पत्र्याच्या फटीतून येणारा उजेड, ओल्या गल्लीत पडलेलं दिव्याचं प्रतिबिंब, एका खोलीत झोपलेली पाच माणसं. क्लबचे रंगीत दिवे आणि घरचा अंधार यांत पोल्दो रोज रात्री ये-जा करतो, आणि एका जगातून दुसऱ्यात गेलं की त्याचा चेहराही वेगळा दिसतो.

तोंदो पडद्यावर दाखवणं ही तेव्हा साधी गोष्ट नव्हती. १९७५ मध्ये मार्कोस यांनी अध्यादेश काढून परक्या जागेवर झोपडी बांधून राहणं हाच गुन्हा ठरवला. त्याच वर्षी इमेल्दा मार्कोस महानगर मनिलाच्या गव्हर्नर झाल्या. सत्य, शिव आणि सुंदर हे त्यांचं ब्रीद होतं आणि त्यातल्या सुंदरवर जोर होता. १९७६ मध्ये जागतिक बँक आणि नाणेनिधीची बैठक मनिलात भरली तेव्हा पाहुण्यांच्या वाटेवरच्या झोपड्या हटवल्या गेल्या, उरलेल्या रंगवलेल्या कुंपणांआड झाकल्या गेल्या. इश्माएल बेर्नाल या दुसऱ्या मोठ्या दिग्दर्शकाच्या चित्रपटाच्या तर नावातूनच मनिला हा शब्द काढायला लावला. अशा शहरात पोल्दोचं घर दाखवायचं म्हणजे कुंपणाची फळी काढून आत पाहायला लावणं.

म्हणून शेवटच्या पाठलागाची जागा मला फार महत्त्वाची वाटते. तोंदोच्या कडेला सगळ्या शहराच्या कचऱ्याचा डोंगर होता. कुजणाऱ्या कचऱ्यातून निघणारा वायू पेट घ्यायचा आणि डोंगर रात्रंदिवस धुमसत राहायचा, म्हणून नाव पडलं ‘स्मोकी माउंटन’. त्यावर हजारो माणसं राहायची आणि त्याच कचऱ्यातून प्लास्टिक, धातू वेचून पोट भरायची. पोल्दो पळतो तो या डोंगरावर. पायाखालची जमीन म्हणजे सनीसारख्यांनी फेकून दिलेलं सगळं. पाय रुततो, धूर डोळ्यांत जातो, लपायला आडोसा नाही. मारधाडपटात पाठलाग हा नायकाच्या चपळाईचा सोहळा असतो. इथे चपळाई उपयोगाची नाही, कारण पळून जायला वेगळी जागाच उरलेली नाही.

बाहेरच्या डोळ्यांनी

ब्रोकांचा आधीचा एक चित्रपट १९७८ मध्ये कान महोत्सवाच्या समांतर विभागात दाखवला गेला होता. फ्रेंच चित्रपटप्रेमी पियेर रिसियाँ यांनी ते जमवलं होतं. १९८० मध्ये ‘जाग्वार’ थेट मुख्य स्पर्धेत गेला. मुख्य स्पर्धेत निवडला गेलेला तो पहिला फिलिपिनो चित्रपट. त्या वर्षी सर्वोच्च पारितोषिक कुरोसावा आणि बॉब फॉसी या दिग्दर्शकांना विभागून मिळालं. स्पर्धेत भारताचाही एक चित्रपट होता, मृणाल सेन यांचा बंगाली चित्रपट: कमावती मुलगी एका रात्री घरी परतत नाही आणि सगळं कुटुंब उघडं पडतं. मनिला आणि कोलकाता, दोन्हीकडचे दिग्दर्शक त्या वर्षी पगारावर जगणाऱ्या घरांची गोष्ट घेऊन फ्रान्सला गेले होते. मायदेशी ‘जाग्वार’ला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा मान दोन्हीकडून मिळाला, फामास या जुन्या अकादमीकडून आणि समीक्षकांच्या उरियानकडूनही.

ब्रोकांबद्दल एक गोष्ट मराठी वाचकाला सांगायलाच हवी. तरुणपणी ते मॉर्मन या ख्रिस्ती पंथात गेले आणि धर्मकार्यासाठी हवाईतल्या मोलोकाई बेटावरच्या कुष्ठरोग्यांच्या वसाहतीत राहिले. समाजाने फेकून दिलेल्या माणसांबरोबर राहणं म्हणजे काय, हे त्यांनी सिनेमात यायच्या आधी जवळून पाहिलं होतं. पुढे १९८४ मध्ये त्यांचा आणखी एक चित्रपट कानच्या स्पर्धेत गेला. जानेवारी १९८५ मध्ये जीपनी (जीपसारखी प्रवासी गाडी) चालवणाऱ्यांच्या संपाला पाठिंबा द्यायला ते रस्त्यावर उतरले आणि सरकारने त्यांना दोन आठवड्यांहून अधिक काळ कोठडीत ठेवलं. त्याच वर्षी त्यांना मॅगसेसे पुरस्कार मिळाला. १९८५ च्या त्याच मॅगसेसेच्या यादीत लोकसेवेसाठी आपल्या बाबा आमट्यांचं नाव आहे. मोलोकाईत राहून आलेला मनिलाचा दिग्दर्शक आणि आनंदवन उभारणारे बाबा, दोघं एका वर्षाच्या यादीत. हा योगायोगच, पण मला तो फार प्रिय आहे.

ब्रोका १९९१ मध्ये क्वेझॉन सिटीत मोटार अपघातात गेले. वय बावन्न. मरणोत्तर, १९९७ मध्ये, त्यांना ‘राष्ट्रीय कलाकार’ किताब दिला गेला. रिकी ली यांना तो २०२२ मध्ये मिळाला. तोच किताब, ज्याच्या बदल्यात होआकिन यांनी एक कैदी सोडवून घेतला होता.

तोंदोचा तो धुमसता डोंगर १९९० च्या दशकात बंद झाला आणि तिथे इमारती उभ्या राहिल्या. १९७९ साली तो कसा होता, धूर कुठून निघायचा, कचऱ्यात पाय किती खोल रुतायचा, हे पाहायचं असेल तर ‘जाग्वार’चा शेवटचा भाग लावायचा. पोल्दो अजून तिथे पळतो आहे. ड्युटी संपली हे त्याला कुणी सांगितलेलं नाही.